दारिया निकोलोदी : इटालियन भयपटांतली ‘दुसरी’ बाई

निळीछत्री | शुक्रवार, रात्री ११:१२

पावसाळ्यात आमच्या घरी दर शुक्रवारी एक जुना भयपट लागतो. लावते मी. नवरा पंधराव्या मिनिटाला घोरायला लागतो आणि शेवटी उठून ‘कोणी मारलं?’ एवढंच विचारतो. यंदा इटालियन धरलेत. दिग्दर्शक दारिओ अर्जेंतोचे ओळीने बघत गेले तर एक बाई सारखी कुठे ना कुठे दिसायला लागली. एकदा पत्रकार, एकदा आजारी सरदारीण, एकदा लेखकाची सेक्रेटरी, एकदा वसतिशाळेतली बाई. निखळ नायिका म्हणावी अशी त्याच्याकडे कधीच नाही. नाव दारिया निकोलोदी. (हो, दारिओ आणि दारिया. लग्न केलं नाही दोघांनी, नाहीतर पत्रिका छापणाऱ्याची चंगळ होती.)

तिची माहिती शोधायला गेलं की पहिल्या ओळीतच दोन ओळखी येतात: अर्जेंतोची जोडीदार आणि नटी आसिया अर्जेंतोची आई. दोन्ही खऱ्या आहेत. तरीही हे सिनेमे क्रमाने बघा आणि दर वेळी तिच्या वाट्याला काय येतं याची नोंद ठेवा. एका नटीला हळूहळू कोपऱ्यात सरकवत नेलेलं दिसतं, आणि त्या कोपऱ्यातून ती काय काय करते तेही दिसतं. धागा त्यासाठी काढलाय.

थोडी पूर्वपीठिका. जन्म १९ जून १९५०, फ्लोरेन्स. आईचे वडील आल्फ्रेदो कासेल्ला, विसाव्या शतकातले मोठे इटालियन संगीतकार. म्हणजे घर कलेचं, भुताखेतांशी वरवर तरी संबंध नाही. सुरुवातही भारदस्त मंडळींबरोबर: १९७० मध्ये फ्रान्चेस्को रोझीच्या युद्धपटात रेड क्रॉसची नर्स, १९७३ मध्ये एलिओ पेत्रीच्या ‘ला प्रोप्रिएता नॉन ए प्यू उन फुर्तो’मध्ये उगो तोन्याझीसमोर. तिथून ती अर्जेंतोकडे ऑडिशनला गेली आणि ‘प्रोफोन्दो रोस्सो’ मिळाला. मार्च १९७५ मध्ये तो प्रदर्शित झाला, सप्टेंबरमध्ये आसियाचा जन्म.

आता इथे जरा थांबते, कारण माझं सगळं प्रेम या सिनेमातल्या जियान्ना ब्रेत्सीवर आहे. (इथून पुढे सगळीकडे रहस्यफोड आहे. ज्यांना कोरं बघायचंय त्यांनी परत फिरा.)

डेव्हिड हेमिंग्जचा मार्कस पियानोवादक आहे, खुनाचा साक्षीदार आहे आणि बायकांच्या बाबतीत भलताच जुनाट. बायका नाजूक असतात वगैरे त्याला ऐकवायची हौस. जियान्ना पत्रकार. ती टेबलावर कोपर टेकवते आणि म्हणते, लाव पंजा. पंजा लढवतात, ती जिंकते. तो म्हणतो तू फसवलंस, पुन्हा. पुन्हा तीच जिंकते. पुढे तिच्या खटारा फियाट ५०० मध्ये तो बसतो तर शेजारची सीट खचलेली. पठ्ठ्या खिडकीच्या खाली जातो आणि ती चालकाच्या जागेवरून त्याच्याकडे वरून बघत गप्पा मारते. दार उघडत नाही म्हणून टपातून चढून बाहेर यायचं. पोटभर रक्त असलेल्या सिनेमात हा पोरकटपणा कशाला, असं पहिल्यांदा बघताना मला वाटलं होतं. दुसऱ्यांदा बघितलं तेव्हा कळलं की जळत्या बंगल्यातून मार्कसला बाहेर ओढून काढते तीही जियान्नाच. सीटचा विनोद म्हणजे या दोघांत वर कोण आणि खाली कोण याचा आधीच दिलेला हिशेब होता.

आणि गंमत (गंमत कसली!) अशी की परदेशी पाठवताना हा सिनेमा सुमारे २२ मिनिटांनी छाटला. खुनांना थोडीफार कात्री लागली, पण सगळ्यात जास्त गेली ती जियान्ना आणि मार्कसची थट्टामस्करी. कित्येक वर्षं इटलीबाहेरच्या प्रेक्षकांनी निकोलोदी अर्धीच बघितली.

पुढचा उतार भराभर सांगते. ‘सुस्पिरिया’ (१९७७): सहलेखिका, पडद्यावर मात्र सुरुवातीला विमानतळावर क्षणभर. ‘इन्फेर्नो’ (१९८०): औषधांवर जगणारी सरदारीण, आधी मांजरं अंगावर येतात, मग भोसकून संपवलेली. ‘तेनेब्रे’ (१९८२): सेक्रेटरी अ‍ॅन, सगळा सिनेमाभर नायकाच्या मागे फायली घेऊन. ‘फेनोमेना’ (१९८५): खुनी बाई, शेवटी चिंपांझीच्या हातच्या वस्तऱ्याने मरते. ‘ओपेरा’ (१९८७): दाराच्या भोकाला डोळा लावते आणि पलीकडून गोळी येते. १९८५ च्या सुमारास दोघं वेगळे झाले. तारखा लावून बघा आणि सांगा, मी उगाच काही वाचतेय का?

———

अर्धा_कप | शुक्रवार, रात्री ११:४०

शीर्षक वाचून वाटलं कोणाच्या तरी संसारातल्या भानगडीवर धागा आहे, म्हणून चहा ठेवून धावत आलो. ‘दुसरी बाई’ म्हणजे आमच्याकडे वेगळंच असतं हो!

चांगलं लिहिलंय. मी यातलं काही बघितलेलं नाही. ‘जाल्लो जाल्लो’ म्हणतात ते हेच का? आणि सुरुवात कुठून करू? चिंपांझीपासून करावीशी वाटतेय.

———

निळीछत्री | शुक्रवार, रात्री ११:५८

शीर्षक आता बदलता येत नाही, त्यामुळे निमूट सहन करा.

जाल्लो म्हणजे पिवळा. मोंदादोरी प्रकाशनाने १९२९ पासून रहस्यकथा पिवळ्या मुखपृष्ठात काढल्या, त्यावरून इटलीत सगळ्या रहस्यकथांनाच ‘पिवळ्या’ म्हणायला लागले. (आपल्याकडे पिवळ्या पुस्तकाचा अर्थ काय होतो ते सांगायला नको. दोन्हीकडे उशीखाली लपवूनच वाचत असणार.) पण सुस्पिरिया आणि इन्फेर्नो जाल्लो नाहीत, तिथे थेट चेटकिणी आहेत.

प्रोफोन्दो रोस्सोपासून करा. लांबी बघून घ्या, १२६ मिनिटांच्या आसपासची प्रत हवी. पावणेदोन तासांत संपला तर समजा छाटलेली आहे.

———

खडीसाखर | शनिवार, सकाळी ८:०५

धागा आवडला, मुद्दा पटला नाही. सकाळी सकाळी भांडायला आले म्हणून रागावू नका.

अर्जेंतोच्या सिनेमात कोण सुखाने मरतं? फेनोमेनाच्या पहिल्याच प्रसंगात बळी जाणारी मुलगी त्याची स्वतःची थोरली लेक, फियोरे. तेव्हा काय लेकीवर राग होता म्हणायचं? हा माणूस जवळच्यांना प्रेमानेच मारतो. आणि ओपेरातल्या मीराचं म्हणाल तर निकोलोदीला आधी तो रोल करायचाच नव्हता. मरण कसं चित्रित होणार ते ऐकून ती तयार झाली, असं तिनेच पुढे सांगितलंय. तो शॉट आठवा: नळीतून फिरत येणारी गोळी, भोकाशी डोळा, मग डोक्याच्या मागून निघून खोलीतल्या दूरच्या फोनचा चक्काचूर. आज तो सिनेमा लोकांना कशासाठी आठवतो? कावळ्यांसाठी, डोळ्यांखालच्या सुयांसाठी आणि निकोलोदीच्या डोळ्यासाठी. जेमतेम काही मिनिटांच्या भूमिकेत नायिकेला झाकून टाकलं तिने. मी तर म्हणेन सौदा तिला फायद्याचा पडला.

घरातल्या कुरबुरी पडद्यावर वाचायच्या हे जरा गॉसिपकडे जातं. नटाच्या बाबतीत आपण असं करत नाही.

———

डबिंगवाली | शनिवार, दुपारी १:३०

रुमाल टाकून ठेवला होता, आता बसून लिहिते.

मी पोटापाण्यासाठी अंधेरीत डबिंग करते. कार्टून, परदेशी मालिका, मिळेल ते. तेनेब्रेचा शेवट मी कामाचा भाग असल्यासारखा कितीतरी वेळा बघितलाय. बाहेर पाऊस, अ‍ॅन दार ढकलते, दाराच्या धक्क्याने ते टोकदार धातूचं शिल्प कलंडतं आणि नायकाच्या, म्हणजे खुन्याच्या, आरपार जातं. मग ती ओरडते. एक किंकाळी मारून थांबत नाही. ओरडते, श्वास घेते, परत ओरडते, आणि पडद्यावर नावं यायला लागली तरी ओरडतच असते.

स्टुडिओत किंकाळ्या आम्ही सगळ्यात शेवटी ठेवतो. दोन-तीन घेतल्या की घसा बसतो आणि मग दिवसभराचं काम गेलं. म्हणून सगळे जण एक युक्ती शिकतात: छातीतून हवा सोडायची आणि आवाज नाकाच्या मागे ठेवायचा. ऐकणाऱ्याला किंकाळी वाटते, घशाला खरचटत नाही. निकोलोदीच्या मानेकडे बघा. शिरा तटतटल्यात, हनुवटी थरथरतेय, दोन ओरडण्यांच्या मधला श्वास तुटतोय. ही बाई काही राखून ठेवत नाहीये.

आता मजा ऐका. त्या काळी इटलीत सेटवर ज्याने त्याने आपापल्या भाषेत बोलायचं आणि आवाज मागाहून चढवायचा अशी पद्धत होती. आपल्याकडेही कित्येक वर्षं हेच चालायचं. तेनेब्रेच्या इंग्रजी प्रतीत निकोलोदीला आवाज आहे अमेरिकन नटी टेरेसा रसेलचा. म्हणजे इंग्रजीत बघणाऱ्याने अ‍ॅनचं बोलणं ऐकलं ते दुसरीचंच. सहायक नटीचं हेच असतं. एका प्रतीत तिचे प्रसंग कापतात, दुसऱ्या प्रतीत आवाज. पण मानेच्या शिरा डब करता येत नाहीत.

खडीसाखर, तुमचं फियोरेबद्दलचं बरोबर आहे. तरी सिनेमाभर जिला ‘हो सर’ म्हणायला ठेवली तिच्याच हातात शेवटचं अर्धं मिनिट येतं, यात काहीतरी आहे बाई.

———

बोरिवली_लोकल | शनिवार, दुपारी ४:४४

तेनेब्रेचा विषय निघालाच आहे तर अवांतर: त्यात जिचा हात कुऱ्हाडीने तोडतात आणि पांढऱ्याशुभ्र भिंतीवर रक्ताचा फवारा उडतो, ती वेरोनिका लारिओ. पुढे सिल्व्हिओ बर्लुस्कोनीची बायको झाली. इटलीच्या पंतप्रधानाच्या बायकोचा हात सगळ्या जगाने तुटताना बघितलाय. असो.

मूळ मुद्द्यावर. सुस्पिरियाच्या श्रेयावरून जो वाद आहे त्यावर कोणीच काही बोललं नाही. निकोलोदी सांगायची की तिची आजी, म्हणजे त्या संगीतकार कासेल्लाची बायको इव्होन, लहानपणी एका नामांकित संस्थेत पियानो शिकायला गेली आणि तिथे कलेच्या नावाखाली काळी जादू शिकवतात असं कळल्यावर पळून आली. त्यावरून सिनेमा सुचला. अर्जेंतो पुढे म्हणाला की ही सगळी बनवलेली गोष्ट आहे. दोघांपैकी एक जण खोटं बोलतंय आणि मला वाटतं बाईच. आजीच्या गोष्टी अशाच असतात. आमची आजी सांगायची की विहिरीवर तिने हडळीशी फुगडी घातलीय.

———

निळीछत्री | शनिवार, सायंकाळी ६:२०

बोरिवलीकर, तुमच्या आजीचा पत्ता द्या, पटकथा लिहून घेऊ.

गंमत सोडा. समजा आजीने थाप मारली. समजा नातीने आजीच्या नावावर थाप मारली. तरी थाप मारली कोणी? म्हणजे कल्पना कोणाची झाली? गोष्ट खोटी ठरली तर निकोलोदीचं श्रेय कमी होण्याऐवजी उलट वाढतंच की. संगीतविद्यालयाचं नृत्यविद्यालय झालं, जागा जर्मनीतलं फ्रायबुर्ग झाली, बाकी गाभा तोच: कला शिकायला आलेली परकी मुलगी आणि आत भलतंच काहीतरी चाललेली शाळा.

अर्जेंतोचे त्याआधीचे सिनेमे बघा. सगळे खुनी हाडामांसाचे, सगळ्याला कारण, शेवटी उलगडा. सुस्पिरियात एकदम परीकथा आली. मूळ कल्पनेत विद्यार्थिनी अगदी लहान मुली होत्या, म्हणजे बारा वर्षांच्या आतल्या. एवढ्या लहान पोरींवर असले अत्याचार दाखवणं शक्य नव्हतं म्हणून वयं वाढवली, पण दारांच्या मुठी उंचावर, जवळजवळ चेहऱ्याच्या रेषेत बसवल्या. मोठ्या मुली दार उघडताना लहान दिसतात. पुन्हा बघाल तेव्हा मुठीकडे लक्ष द्या. हा सिनेमा लिहिताना कोणीतरी ब्लूबिअर्ड आणि अ‍ॅलिस डोक्यात घेऊन बसलं होतं, आणि ते आधीच्या चार जाल्लो-बिल्लोमध्ये कुठेच नव्हतं. शेवटची चेटकिणीची भेटही आपल्या एका स्वप्नावरून आली असं निकोलोदी सांगायची.

शिवाय सुझीची मुख्य भूमिका तिला स्वतःला करायची होती. परदेशात विकायला अमेरिकन चेहरा हवा म्हणून जेसिका हार्पर आली. म्हणजे आपण लिहायचं, आपणच बाजूला व्हायचं, आणि विमानतळावर त्या पोरीला आत येताना बघायचं. इन्फेर्नोत तर लेखक म्हणून तिचं नावच नाही. कथेत आपला वाटा होता असं ती म्हणायची, पण सुस्पिरियाच्या वेळी नाव लागावं म्हणून एवढं भांडावं लागलं की पुन्हा त्या फंदात पडायचं नाही असं तिने ठरवलं. २०१८ मध्ये लुका ग्वादान्यीनोने सुस्पिरिया नव्याने केला, त्यात मूळ पात्रांच्या श्रेयात दोघांची नावं शेजारी शेजारी आहेत. तेवढं तरी तिने जिवंतपणी बघितलं. २६ नोव्हेंबर २०२० ला रोममध्ये गेली.

———

तोरिनोचा_तात्या | शनिवार, रात्री ९:१५ (तिकडे तुमची झोपायची वेळ)

मी इथे इटलीत तोरिनोला (इंग्रजीतलं ट्युरिन) शिकायला आहे. प्रोफोन्दो रोस्सोची गोष्ट रोममध्ये घडते असं दाखवलंय, पण बरंचसं चित्रण तोरिनोचं. ज्या चौकात मार्कस आणि त्याचा दारुडा मित्र रात्री बोलत बसतात तो पियात्सा चे-एल्ले-एन्ने माझ्या रोजच्या रस्त्यावर आहे. दोन प्रचंड संगमरवरी पुतळे, पहुडलेले, खाली कारंजी. एक पो नदी आणि एक दोरा नदी. सिनेमातला तो निळा बार मात्र शोधू नका, सेट होता. अमेरिकन चित्रकार हॉपरच्या रात्रीच्या उपाहारगृहाच्या चित्रावरून उचललेला, आतली माणसंसुद्धा चित्रातल्यासारखी गोठलेली. पुतळ्यांच्या पायथ्याशी दिवसा पोरं सँडविच खात बसतात. मी पहिल्यांदा गेलो तेव्हा रात्रीचे अकरा वाजले होते, चिटपाखरू नव्हतं, आणि खरं सांगतो, वरच्या मजल्यावरच्या खिडकीकडे बघायचं टाळलं.

बंगलाही इथलाच, टेकडीवरचा व्हिल्ला स्कॉट. फाटकाबाहेरूनच बघितला. आत जायचा धीर नव्हता आणि परवानगीही.

दोरा नदीवरून आठवलं. दिग्दर्शक मारिओ बावाच्या ‘शॉक’मध्ये निकोलोदीच्या पात्राचं नावही दोराच आहे. योगायोग, पण मला आवडतो. त्या सिनेमाबद्दल तुम्ही एक अक्षरही लिहिलं नाहीत, निळीछत्रीताई?

———

निळीछत्री | शनिवार, रात्री ९:२१

शॉक अजून बघितलेला नाही. मारा आता.

———

खडीसाखर | शनिवार, रात्री १०:५०

हाच तर माझा राग आहे! अर्जेंतोच्या चष्म्यातून बघितलं की ती कोपऱ्यात दिसणारच. जिथे ती मधोमध आहे तो सिनेमा तुम्ही बघितलाच नाहीत.

शॉक १९७७ चा, म्हणजे सुस्पिरियाच्याच वर्षीचा. तिकडे विमानतळावर उभं केलं आणि इकडे म्हाताऱ्या मारिओ बावाने अख्खा सिनेमा तिच्या खांद्यावर दिला. चित्रपटगृहासाठी केलेला त्याचा हा शेवटचा सिनेमा. एक घर, एक बाई, तिचा लहान मुलगा मार्को, दुसरा नवरा. पहिला नवरा मेलाय, कसा ते तिला नीट आठवत नाही, आणि मुलगा हळूहळू बापासारखं वागायला लागलाय. चेटकीण नाही, काळ्या हातमोज्यांचा खुनी नाही. सगळी भीती निकोलोदीच्या चेहऱ्यावर घडते, कारण बावाकडे दुसरं काही घ्यायला पैसेच नव्हते.

एक प्रसंग सांगते, पण सांगितला तरी दचकालच. लांब कॉरिडॉर. टोकाला मुलगा उभा आहे. ‘मम्मा’ म्हणत आईकडे धावत येतो, ती मिठी मारायला हात पसरते. मुलगा अगदी जवळ येतो, कॅमेऱ्याच्या चौकटीच्या किंचित खाली जातो, आणि त्याच दमात वर येतो तो मेलेला नवरा. कट नाही, काही नाही. पोरगं खाली वाकलं आणि तिथे दबा धरून बसलेला नट उठला, बस. जत्रेतल्या जादूगाराची युक्ती. माझ्या हातातला लाह्यांचा वाडगा कॉटखाली गेला होता. दिवाळीच्या साफसफाईपर्यंत लाह्या निघत होत्या.

दुसरा प्रसंग शांत आहे. ती पलंगावर झोपलीय आणि तिचे केस कोणी हात फिरवावा तसे आपोआप चेहऱ्यावरून सरकायला लागतात. तिच्या तोंडावर आधी सुख आहे. मग डोळे उघडतात. ते सुख दाखवायचं सुचणं ही नटीची अक्कल. दुसरीने पहिल्यापासून भीतीच दाखवली असती.

पुढे बावाने मुलाबरोबर, लाम्बेर्तोबरोबर, टीव्हीसाठी मेरिमेच्या कथेवर ‘ला व्हेनेरे दिल्ल’ केला, त्यातही तीच होती. १९८० मध्ये बावा गेला. दहा वर्षं आणखी जगला असता तर हा धागा तुम्ही वेगळाच काढला असता.

———

बोरिवली_लोकल | रविवार, सकाळी १०:३०

काल रात्री शॉक बघितला. कॉरिडॉर येणार हे माहीत असून ओरडलो. शेजारच्यांनी भिंत वाजवली.

आजीबद्दलचं माझं विधान मागे घेतो. हडळीबद्दलचं नाही.

———

डबिंगवाली | रविवार, सकाळी ११:१०

केसांचा प्रसंग मीही आत्ता पुन्हा लावून बघितला. खडीसाखर, मानलं तुम्हाला.

भयपटांच्या बाहेरचंही थोडं सांगावं म्हणून लिहिते. १९८५ मध्ये, म्हणजे ज्या वर्षी चिंपांझीने मारली त्याच वर्षी, ती एत्तोरे स्कोलाच्या ‘माक्केरोनी’त होती. मास्त्रोयान्नी आणि जॅक लेमन, नेपल्स, दोन म्हाताऱ्यांची दोस्ती. आणि १९७३ चा तो पेत्रीचा सिनेमा मुद्दाम शोधा. त्यात पात्रं मध्येच काळोखात एकटी उभी राहून थेट आपल्याशी बोलतात. तेवीस वर्षांची निकोलोदी कॅमेऱ्यात बघून बोलते तेव्हा नजर हलत नाही. समोर त्याच सिनेमात फ्लाव्हिओ बुच्ची आहे, जो पुढे सुस्पिरियात आंधळा पियानोवादक झाला. ही सगळी मंडळी मुळात गंभीर रंगाची. पैसा आणि काम भयपटांकडे होतं म्हणून तिकडे वळली असं म्हणायचा मोह होतो, पण तिने जे चेटकिणींबद्दल लिहिलं ते बघता तिला स्वतःलाच त्या गल्लीत राहायचं होतं, असं मला वाटतं.

———

निळीछत्री | रविवार, दुपारी १२:०५

हो, ते पटतं. कारण अर्जेंतोपासून वेगळी झाल्यावरही तिने ती गल्ली सोडली नाही. लाम्बेर्तो बावाकडे ‘ले फोतो दी जोया’ केला. दिग्दर्शक लुइजी कोझ्झीबरोबर ‘पागानिनी हॉरर’ (१९८९) लिहिला आणि त्यात कामही केलं. व्हेनिस, पागानिनीचं शापित संगीत, रॉक बँडमधल्या पोरी. सिनेमा टुकार आहे, लपवत नाही. सुस्पिरिया आणि इन्फेर्नो या तीन चेटकिणींच्या मालिकेतल्या पहिल्या दोन गोष्टी. तिसरीची गोष्ट अर्जेंतो पूर्ण करत नव्हता, तर हिने स्वतःच लिहायला घेतली होती. कोझ्झीच्या हातात पडून तिचं भलतंच काहीतरी झालं.

मग ती तिसरी गोष्ट अर्जेंतोने थेट २००७ मध्ये केली. ओपेरानंतर वीस वर्षांनी निकोलोदी त्याच्या सिनेमात परत आली ती नायिकेच्या मेलेल्या आईच्या आत्म्याच्या रूपात. नायिका कोण, तर आसिया. त्याआधी २००० मध्ये आसियाने स्वतः दिग्दर्शित केलेल्या ‘स्कार्लेट दिवा’तही आईला आईच केलं होतं. २००७ चा सिनेमा फसलेला आहे. निकोलोदीचं भूत संगणकावर धुरकट करून ठेवलंय, टीव्हीच्या अँटेनावर कावळा बसल्यासारखं. तरी ती लेकीशी बोलते तेवढा वेळ मी फोनकडे बघितलं नाही.

खडीसाखर, कोपऱ्याचा मुद्दा अर्धा मागे घेते. शॉक आज रात्री बघणार आहे. शुक्रवारपर्यंत धीर नाही.

———

खडीसाखर | रविवार, दुपारी १२:४०

अर्धा माझाही मागे. डबिंगवालींनी ते ‘हो सर’ म्हटल्यापासून तेनेब्रे डोक्यातून जात नाहीये.

लाह्या घेऊन बसू नका.

———

अर्धा_कप | रविवार, रात्री ९:३५

मंडळी, मदत हवीय. ताईंनी सांगितल्याप्रमाणे प्रोफोन्दो रोस्सोची लांब प्रत मिळवली. इंग्रजीत लावलाय. बाबाही येऊन बसलेत. तर मध्येच हेमिंग्ज आणि ती पत्रकार बाई एकदम इटालियनमध्ये बोलायला लागतात. दोन मिनिटांनी परत इंग्रजी. मग परत इटालियन. फाइल बिघडलीय का? मी दोनदा मागे नेऊन बघितलं, बाबा वैतागले.

———

निळीछत्री | रविवार, रात्री ९:४१

बिघडलेली नाही. परदेशी प्रतीतून जे काढून टाकलं होतं, ते तुकडे परत जोडताना त्यांना इंग्रजी आवाज मिळाला नाही, म्हणून तिथे इटालियन ठेवलंय. भाषा बदलली की समजायचं, आता जे दिसतंय ते इटलीबाहेर कित्येक वर्षं कोणी बघितलं नव्हतं. खाली अक्षरं लावून घ्या.

———

अर्धा_कप | रविवार, रात्री १०:२०

लावली. बाबांना सांगितलं. आत्ता ती सीट खचलेली गाडी झाली, बाबा एवढे हसले की चष्मा पडला. आमच्या जुन्या फियाटची हीच सीट अशीच होती, आणि आई अशीच वरून बघायची म्हणे.

आता दोघंही इटालियन कधी येतंय याची वाट बघतोय.